पुढच्या सतरंजीवरच्या पोरी

आमच्या सुपे गावात पहिला टीव्ही आला तो ग्रामपंचायतीच्या खोलीत. छपरावर उंच खांब, खांबावर अँटेना, तरी पुण्याहून येणाऱ्या चित्रात मुंग्या फिरायच्याच. तेव्हा मी सातवीत होते.

दर शनिवारी संध्याकाळी बाहुल्यांची एक मालिका लागायची. कुंभाराची मुलगी जादूगाराच्या किल्ल्यात अडकलेली. तो दर आठवड्याला तिचं काहीतरी काढून घ्यायचा. कधी हसू, कधी सावली, कधी घरच्या वाटेची आठवण. ती उरलेल्यावर भागवून पुन्हा उभी राहायची.

"दर बारीला तेच तर दाखवत्यात," माझी एक मैत्रीण कुरकुरायची.

दाखवायचे तेच, आणि मला तेच बघायचं असायचं. सातवीनंतर शाळा बास, असं वडिलांनी त्याच वर्षी सांगून टाकलं होतं.

खोलीत सतरंज्यांवर पुरुष आणि मुलगे बसायचे. आम्ही मुली बाहेर, खिडकीच्या गजांशी. एका शनिवारी आम्ही पाचजणी सगळ्यांच्या आधी जाऊन पुढच्या सतरंजीवर बसलो. टीव्हीच्या पेटीची किल्ली माझ्या एका चुलत्यांकडे असायची. ते आले.

"पोरींनो, उठा. मानसं यायचीत."

"आमी बी मानसंच हाय, काका," मी म्हणाले.

"तुझ्या बापाला सांगू का?"

"सांगा. तवर आमी बघतो."

मी मांडी घालून आणखी घट्ट बसले. काकांनी टीव्हीच्या पेटीचं कुलूप काढलंच नाही. खोली भरली, वेळ जाऊ लागला, तसे मागचे लोकच वैतागले. "लावा की आता. मागनं बी दिसतंय," कोणीतरी म्हणालं. काकांनी किल्ली फिरवली.

त्यांनी घरी सांगितलं. वडील दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. पुढच्या शनिवारी मी पुन्हा गेले. आईनं त्या दिवशी भाकरी लवकर थापल्या, का ते मी विचारलं नाही.

मालिकेच्या शेवटच्या दिवशी जादूगार मुलीचं नाव मागत होता. तिच्याकडे तेवढंच उरलं होतं. ती उत्तर द्यायला वळली आणि लाईट गेली. बराच वेळ आली नाही, लोक उठायला लागले. मी उभी राहिले.

"बसा, म्होरलं मी सांगते. ती म्हनली, ने माझं नाव. ते दुसऱ्यांनी ठिवलं हुतं. आता माझं मी ठिवीन. मग तिनं नवं नाव ठिवलं आन् दाराकडं निघाली. जादूगारानं हाका मारल्या, पर जुन्या नावानं. ती कशाला वळंल?"

"असं कुठं असतं व्हय?" काका म्हणाले.

"माझ्या गोष्टीत असतं."

मला न्यायला आलेले वडील दारात उभे होते. कधीपासून, कोण जाणे. वाटेत त्यांनी एवढंच विचारलं, "आन् जादूगाराचं काय झालं?"

"तो हाय तिथंच. ती गेली."



जूनमध्ये मी एकटीच शाळेत गेले आणि आठवीच्या वर्गात जाऊन बसले. संध्याकाळी घरी सांगितलं. वडील हो म्हणाले नाहीत, नाही पण म्हणाले नाहीत. मी तो होकारच धरला.