एकच मिळतं, म्हणाले मी

हे मी नवऱ्यालाही सांगितलेलं नाही. आज तुम्हाला सांगतेय — जीभ अडखळतेय, तरी सांगतेय.

मीनल माझी धाकटी जाऊ. दीर अपघातात गेले, तेव्हा ती जर्मनीत नुकती कुठे रुळू लागली होती. मी तिला वोल्फ्सबुर्गला आमच्या घरी घेऊन आले. सगळे म्हणाले, केवढं मोठं मन! होतं का? माझी जुळी तेव्हा रांगत होती, पाळणाघरात जागा मिळत नव्हती, आणि मला कामावर परत जायचं होतं. मीनल दिवसभर मुलं सांभाळायची. मी ऑफिसात निर्धास्त.

मग तिला कोलोनला मास्टर्सला प्रवेश मिळाला. इंग्रजीतून. प्रश्न पैशाचा. जर्मन केंद्र सरकारची विद्यार्थ्यांसाठीची मदत — बाफ्योग — मिळणार होती, पण तेवढ्यात कोलोनचं भाडं आणि खाणंपिणं भागत नव्हतं. त्यात राज्याची शिष्यवृत्तीही मंजूर झाली. दोन्ही एकत्र चालतात का, एवढंच बाफ्योगच्या ऑफिसला विचारायचं होतं. तिचं जर्मन कच्चं. म्हणाली, "ताई, तुम्हीच फोन करा ना."

केला. ती शेजारीच उभी, कडेवर माझी मुलगी. पलीकडची बाई स्पष्ट म्हणाली — हो, अगदी, दोन्ही घेता येतात, काही कापलं जाणार नाही. मी आभार मानून फोन ठेवला. त्या क्षणी माझ्या मनात काय होतं? सोमवार. सोमवारी मुलांना कोण बघणार — बस, एवढंच.

"नाही गं," म्हणाले. "एकच मिळतं."

"राहू दे मग," ती म्हणाली, आणि मुलीला भरवायला घेऊन गेली.

दुसऱ्या दिवशी खरं सांगता आलं असतं. त्या आठवड्यात, अगदी त्या महिन्यातही. नाही सांगितलं. मुलं शाळेत जायला लागली आणि मीनल एका शाळेच्या कॅन्टीनमध्ये कामाला लागली. अजून तिथेच आहे, राहतेही आमच्याकडेच.

मुलं आता कॉलेजच्या वयाची झालीत. परवा जेवताना मुलगी तिच्या मैत्रिणीबद्दल सांगत होती. कोलोनला शिकते — बाफ्योग आणि राज्याची शिष्यवृत्ती, दोन्ही घेते. मीनलनं मान वर केली. माझ्याकडे बघितलं.

"नियम बदलला वाटतं, ताई?"

आणि मी — त्या क्षणीही — "हो," म्हणाले. "बदलला."

तिला खरंच तसं वाटलं, की तिनं मला सांभाळून घेतलं? मला कळत नाही. नियम बदललेला नाही. तेव्हाही हाच होता.