मारला त्याने आणायचा

माझी शेवटची पोस्टिंग कुलाब्याला होती. फौजेतल्या बावीस वर्षांत पहिल्यांदाच घराजवळ. लालबागच्या आमच्याच चाळीतला लान्स नायक मिलिंद माझ्या हाताखाली होता. माझ्याहून चौदा वर्षांनी लहान. फॉल-इनला रांगेत मी हवालदारसाब, एरवी दादा.

त्या रविवारी दुपारी तीनला समुद्राकाठच्या मैदानात क्रिकेट सुरू झालं. सेफ्टी ड्यूटी माझी होती. ऑर्डर एकच: भरती असताना बांधापलीकडे कोणी उतरायचं नाही. गळ्यात शिटी, शेजारी वायरलेस सेट, दोर आणि बुडणाऱ्याला फेकायचं लाइफबॉयचं कडं. दीड तास काहीच घडलं नाही. मी कंटाळलो. बांधाकडे पाठ करून खुर्ची वळवली आणि मॅच बघू लागलो.

चार चाळीसला मिलिंदने बॉल थेट बांधापलीकडे मारला.

"दादा, किटमधला दुसरा काढू?"

"चाळीत काय नियम होता रे? मारला त्याने आणायचा. की आई येणार आणायला?"

सगळे हसले. तोही हसला. "आणतो ओ. पण आऊट नाय द्यायचं, सांगून ठेवतो."

तो बांध ओलांडून उतरला. मला भरती आठवली नाही. मी पुढच्या बॅट्समनला चिडवत होतो.

"मिलिंद कुठाय?" कोणीतरी विचारलं. मी धावत बांधावर चढलो. खालचे दगड पाण्याखाली गेले होते.

सेट उचलला. "कंट्रोल, एक आदमी पानी में. ओव्हर."

"कितनी देर से? ओव्हर."

मी वळून पोरांनाच विचारलं.

मिलिंद पाच बावन्नला सापडला. डोक्याला मागून मार होता.

चौकशीत मी म्हणालो, बॉल आणायला गेला, पाय घसरला. त्याला कोणी पाठवलं, हे मला कुणी विचारलं नाही. पोरंही बोलली नाहीत. किटमध्ये तीन बॉल होते.

त्याच्या मृत्यूनंतरच्या पुण्यानुमोदनाच्या विधीला त्याच्या आईने मला पुढे बसवलं. येणाऱ्या प्रत्येकाला ती सांगत होती, "परक्यांत नाही गेला माझा पोरगा. सुरेशभाऊ होते ना जवळ." मी मान खाली घालून बसलो. लोकांना ते दुःख वाटलं.

रिटायर होऊन सहा वर्षं झाली. आम्ही एकाच मजल्यावर राहतो. तिच्या खोलीत बाबासाहेबांच्या तसबिरीशेजारी युनिफॉर्ममधला मिलिंद आहे. इथे लिहिलेलं तिला मी अजून सांगितलेलं नाही. दर रविवारी विहारात जाताना ती खोलीची चावी माझ्या हातात देते.

"तुमच्याशिवाय कोणावर सोडू, भाऊ?"

मी चावी घेतो.