यजमानांचे पाव

यजमान फौजेत स्वयंपाकी होते. पेन्शन घेऊन गावी आले आणि महिन्याभरात सांगलीहून ओव्हन आणला. माझा मिक्सर सरकवून त्यांनी तो ओट्यावर मांडला.

पहिल्याच रविवारी पाव केले. कोमट दुधात यीस्ट विरघळवलं, फेस आल्यावर मैदा मळला, त्यात लसूण, कोथिंबीर आणि कुंडीतली ओव्याची पानं चिरून घातली. पीठ फुगल्यावर छोटे गोळे करून भाजले. वास गल्लीभर गेला. शेजारी राहणाऱ्या थोरल्या जाऊबाई आल्या, एक तोंडात टाकला आणि म्हणाल्या, "आवं भावजी, काय हात हाय तुमचा! लय मऊ."

वीस वर्षं त्या माझ्या हातचं खात होत्या. माझ्या हाताबद्दल त्यांना कधी काही सुचलं नव्हतं.

मग दर रविवारी गल्लीतल्या बायका जमू लागल्या. पाव बुडवायला आमटी माझी, तीही संपायची. कौतुक मात्र पावांचं. मी आत भांडी घासत ऐकायची.

एका रविवारी यीस्ट दुधात टाकलं आणि तेवढ्यात त्यांना फौजेतल्या दोस्ताचा फोन आला. ते अंगणात गेले. चहाचं पाणी उकळत होतं. मी त्यातलं ओगराळंभर यीस्टच्या वाटीत ओतलं.

फेस आलाच नाही. तरी त्यांनी वाट बघून मळलं, भाजलं. पाव दगडासारखे झाले. बायका आल्या तशा परत गेल्या. "यीस्ट जुनं असंल," म्हणून त्यांनी पुडी फेकली. दुपारी आमटीत भिजवून तेच पाव ते एकटे चावत बसले. मला बघवेना.

"मी गरम पाणी ओतलं," मी म्हणाले.

"का गं?"

"माझ्या भाकरीला कवा तरी बरं म्हणालात?"

ते गोंधळले. "भाकरीला काय म्हणायचं? ती रोजच असती की."

मी ताट उचलून आत गेले.

पुढच्या रविवारी फेस येईपर्यंत ते ओट्यापासून हलले नाहीत. पाव छान झाले. माझी आगळीक त्यांनी कुणालाच सांगितली नाही, याचं मला बरं वाटलं. तरी बाहेरून जाऊबाईंचं "लय मऊ" कानावर आलं आणि हातातलं भांडं मी जरा जोरातच घासलं.