बाहेरून चिकटलेला कचरा

आमच्या कंपनीच्या माहितीपुस्तिकेत अकराव्या पानावर एक ओळ होती : 'बिसस – शिंपल्याच्या कवचाला बाहेरून चिकटलेला तंतुमय कचरा. माल आल्याबरोबर काढून टाकावा.' ही ओळ लिहिली क्वालिटीच्या साहेबाने आणि टाइप केली मी. दुसरी गोष्ट आधीच सांगून टाकते, कारण पुढे मी त्या माणसाला बरंच काही बोलणार आहे, आणि तेव्हा मी स्वतः नामानिराळी राहिले असं कुणाला वाटायला नको.

आमचा धंदा काळ्या, लांबट शिंपल्यांचा. समुद्रात दोर सोडून त्यांवर ते वाढवतात, होडीतून ते आमच्या शेडमध्ये येतात आणि तिथे धुऊन, निवडून, क्रेटमध्ये भरून जिवंतच हॉटेलांकडे जातात. जिवंत हा शब्द महत्त्वाचा. मेलेला शिंपला हॉटेलवाला शिजवत नाही, परत पाठवतो आणि वर आमच्या नावाने खडे फोडतो. या शिंपल्याला एका कडेने तपकिरी धाग्यांचा झुपका लोंबत असतो. त्या धाग्यांनी तो दोराला किंवा खडकाला धरून राहतो. पुस्तकात त्याला बिसस म्हणतात. शेडमधल्या बायका दाढी म्हणतात, आणि नवीन आलेल्या बाईला पहिल्या दिवशी 'घरातल्याची राहू दे, आधी याची बघ' हे ऐकून घ्यावंच लागतं.

त्या टेबलावर माझी सख्खी मावशी सव्वीस वर्षं उभी आहे. उभी म्हणजे खरोखर उभी. स्टीलचं टेबल, समोर वाहतं गार पाणी, पायात गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट. पाण्याने आणि कवचांनी तिच्या बोटांची टोकं इतकी झिजली आहेत की दारातल्या हजेरीच्या मशीनला तिचा अंगठा ओळखताच येत नाही. तिच्यासाठी वॉचमनकडे वेगळी वही ठेवली आहे, तिथे ती सही करते. दोन शिंपले हातात घेऊन एकमेकांवर टकटक करते आणि आवाजावरून मेलेला बाजूला टाकते. हे करताना ती टेबलावरच्या शेजारणीच्या सुनेच्या कागाळ्याही ऐकत असते, आणि दोन्हींत चूक होत नाही.

मी दहा वर्षांची असताना तिने घरच्या सिंकमध्ये एक शिंपला सुरीने उघडून मला दाखवला होता. आत मांसाची एक बारीक जिभेसारखी पट्टी होती. हा याचा पाय, ती म्हणाली, आणि त्या पायाच्या बुडाशी बोट ठेवलं. बाहेर दिसणारे सगळे धागे आत एकत्र होऊन तिथे रुतलेले होते. दाढी ओढली की ते मूळ मांसासकट उपटतं, आणि शिंपला एकदोन दिवसांत मरतो. स्वतःला जागा बदलायची असेल तेव्हा तो आपणच दाढी टाकतो आणि दुसरीकडे नवी करतो; तेव्हा त्याला काही होत नाही. त्याला दुखतं का, असं मी विचारलं होतं. ते मला माहीत नाही, पण मरतो ते माहीत आहे, असं तिने सांगितलं होतं.

म्हणून शेडचा नियम होता की दाढीला कुणी हात लावायचा नाही. त्याच दिवशी शिजवायचा माल असेल तरच, गाडी निघायच्या अगदी आधी, दाढी कवचाच्या बिजागरीच्या दिशेने हलकेच ओढून काढायची. तोंडाच्या दिशेने कधीच नाही. हा नियम कुठे लिहिलेला नव्हता. लिहायची गरजच कुणाला वाटली नव्हती.

मग क्वालिटीचा साहेब आला. शर्टाच्या खिशाला थर्मामीटर अडकवून फिरायचा, म्हणून बायकांनी त्याचं नाव थर्मामीटर ठेवलं. बर्फाच्या बाबतीत त्याने चांगली शिस्त लावली, तेवढं श्रेय मी देते, त्याहून जास्त देणार नाही. आल्या आल्या त्याने माहितीपुस्तिका काढायला घेतली. शेवटी दोन पानं शब्दार्थ. कागद माझ्या टेबलावर आला तेव्हा मी वरच्या मजल्यावरच्या ऑफिसात बसले होते, आणि खिडकीतून खाली मावशीचं टेबल दिसत होतं. ती ओळ वाचून माझी बोटं क्षणभर थांबली, हे मला नीट आठवतं. साहेब शिकलेला आहे, त्याने कुठेतरी वाचलं असेल, असं मी स्वतःला समजावलं. खरं म्हणजे मला त्याच्या केबिनचं दार वाजवायचं नव्हतं. मी टाइप केलं आणि पुढच्या शब्दाकडे गेले.

दुसऱ्याच आठवड्यात त्याने आठ नव्या पकडी आणवल्या. एका हॉटेलवाल्याने म्हणे माल साफ नसतो अशी तक्रार केली होती. आता होडीतून माल उतरला की प्रत्येक शिंपल्याची दाढी पकडीने ओढून काढायची, मगच तो शीतखोलीत जाणार. मावशीने तिथल्या तिथे सांगितलं की असं केलं तर माल मरेल. यावर त्याने तिला तिचं शिक्षण विचारलं. चौथी, ती म्हणाली. त्याने पुस्तिका उघडून सगळ्या बायकांसमोर अकरावं पान मोठ्याने वाचलं, 'बाहेरून चिकटलेला' यावर बोट आपटलं, आणि यापुढे दाढी म्हणायचं नाही, बिसस म्हणायचं, असंही बजावलं. म्हणजे ज्या गोष्टीचा याला पत्ता नव्हता तिचं नाव हा त्या बायकांना शिकवत होता! माझ्या अंगाचा तिळपापड झाला, पण वरच्या मजल्यावर बसून.

व्हायचं तेच झालं. पाच दिवसांत तीन हॉटेलांनी क्रेट परत पाठवले. शेडच्या दारात त्यांचा ढीग लागला आणि जिन्यापर्यंत वास आला. मॅनेजरने साहेबाला विचारलं, साहेबाने पुस्तिकेप्रमाणे काम झालं नसल्याचं सांगितलं, आणि दोष साफसफाईच्या टेबलावर येऊन बसला. टेबलाची मुख्य मावशी, म्हणून मेमो तिच्या नावाने निघाला. 'बिसस काढताना निष्काळजीपणे हाताळणी केल्यामुळे मालाचे नुकसान झाले. आठ दिवसांत लेखी खुलासा न दिल्यास दोष मान्य आहे असे समजण्यात येईल.' दोष मान्य म्हणजे घरी. निवृत्तीला तिची दोन वर्षं राहिली होती. सव्वीस वर्षांत कुणी तिला निष्काळजी म्हटलेलं नव्हतं, आणि तो शब्द घेऊन तिला दाराबाहेर जावं लागणार होतं.

मेमोही मीच टाइप केला. मीच खाली नेऊन दिला. तिने हातमोजे काढले, हात ॲप्रनला पुसले आणि उभ्या उभ्या पूर्ण वाचला.

"हे तू टाइप केलंस?"

"हो, मावशी."

"एकही चूक नाही," ती म्हणाली, आणि कागद घडी करून खिशात ठेवला.

घरी मी खूप बडबडले. साहेबाची अक्कल काढली, मॅनेजरची काढली, युनियनकडे जाऊ म्हटलं, खुलासा मी लिहून देते म्हटलं. काकांनी, म्हणजे मावशीच्या नवऱ्याने, मधेच सुचवलं की दोन ओळींची माफी लिहून टाकावी, दोन वर्षं तर राहिली आहेत. मावशीने त्यांच्याकडे असं बघितलं की ते ताट घेऊन उठले. माफी कशाची, एवढंच तिने विचारलं. मग मला म्हणाली की आरडाओरडा पुरे, उद्या मला खडू आणून दे.

दुसऱ्या दिवशी तिने नव्या मालातले शंभर शिंपले स्वतः टकटक करून निवडले. सगळे जिवंत. पन्नास एका क्रेटमध्ये दाढीसकट ठेवले. उरलेल्या पन्नासांची दाढी शेजारणीकडून साहेबाच्या पकडीने, साहेबाने दाखवली तशी ओढून घेतली. दोन्ही क्रेटवर खडूने तारीख घातली, वॉचमनची सही घेतली, आणि दोन्ही शीतखोलीत एकाच फळीवर ठेवून दिले.

तिसऱ्या दिवशी सकाळी ती जिना चढून वर आली. सव्वीस वर्षांत ती ऑफिसात पहिल्यांदाच आली होती. रबरी बूट तसेच, हातात एक क्रेट, मागे शेजारीण दुसरा घेऊन. पाणी फरशीवर ठिबकत होतं. मॅनेजरने काही म्हणायच्या आत तिने दोन्ही क्रेट त्याच्या टेबलावर ठेवले, थेट फायलींवर. साहेब समोरच चहा पीत बसला होता.

मग तिने टकटक करायला सुरुवात केली. दाढी असलेल्या पन्नासांत दोन मेलेले निघाले. दाढी ओढलेल्या पन्नासांत अडतीस. मेलेला प्रत्येक शिंपला ती साहेबाच्या कपाजवळ ओळीने मांडत गेली. शेवटी खिशातून सुरी काढून तिने दाढीवाला एक शिंपला उघडला, पायाच्या बुडाशी रुतलेलं मूळ सुरीच्या टोकाने वर उचललं आणि शिंपला साहेबापुढे धरला.

"हे बाहेरून चिकटलंय का, साहेब? तुम्ही दाखवा. मी चौथी शिकलेय."

साहेब म्हणाला की नमुना फार लहान आहे. शंभर शिंपल्यांवरून निष्कर्ष काढता येत नाही. एकही शिंपला न उघडता ज्याने व्याख्या लिहिली, त्याला शंभर कमी पडले. मॅनेजर मात्र मेलेल्या शिंपल्यांच्या ओळीकडे बघत राहिला, आणि त्याच दुपारी आठही पकडी गुपचूप स्टोअरमध्ये गेल्या. त्यानंतर माल मरायचा थांबला. मावशीने तोंडी खुलासा दिला, असं फायलीत नोंदवलं गेलं. मेमो रद्द झाला का, असं मी विचारलं, तर मॅनेजर म्हणाला की तो विषय वेगळा आहे, नंतर बघू.

महिन्याभराने पुस्तिकेची नवी आवृत्ती माझ्याकडे आली. अकरावं पान बदललं होतं : 'बिसस – शिंपल्याच्या पायातील ग्रंथीतून निघणारे धागे. यांचे मूळ शरीरात असते. पॅकिंगपूर्वी ओढू नयेत. (गुणवत्ता विभागाच्या निरीक्षणांवर आधारित.)' कंसातली ती ओळ वाचून माझं डोकं सणकलं. त्याच्या विभागात तो आणि त्याचा थर्मामीटर, एवढेच होते. वर ह्याने बायकांचं प्रशिक्षण ठेवलं! पडद्यावर शिंपल्याचं चित्र लावून, हातात काठी घेऊन, त्याने मावशीला दाढीचं मूळ कुठे असतं ते शिकवलं. मावशी पहिल्या रांगेत हात बांधून बसली होती.

शेवटी सह्यांचा तक्ता फिरला. दोन रकाने होते. एकात शिकणाऱ्याची सही, दुसऱ्यात शिकवणाऱ्याचं नाव. साहेबाला घाई होती, दुसरा रकाना त्याने कोराच सोडला होता. तक्ता आधी शेजारणीकडे गेला. तिने सही केली आणि दुसऱ्या रकान्यात मावशीचं पूर्ण नाव लिहिलं. तिच्या पुढच्या बाईने वर बघितलं, मान हलवली आणि तेच लिहिलं. मावशी सोडून बाकी अकराही बायकांनी तेच नाव लिहिलं. मावशीकडे तक्ता आला तेव्हा तिने वाचला आणि सही न करताच माझ्याकडे दिला. मी तो सरळ फायलीत लावला. एवढं तरी मी केलं.

दुसऱ्या दिवशी कंपनीला दर्जाचं सर्टिफिकेट देणारी तपासनीस बाई आली. फाइल चाळता चाळता तिने विचारलं की प्रशिक्षण देणाऱ्या याच बाईंच्या नावाने याच कामात निष्काळजीपणाचा मेमो कसा आहे. मॅनेजरने साहेबाकडे बघितलं. साहेबाने छताकडे बघितलं. संध्याकाळच्या आत मला एक ओळ टाइप करायला मिळाली : 'सदर मेमो रद्द करण्यात येत आहे.' चूक झाली होती, दिलगीर आहोत, असं काहीतरी खाली घालू का, मी विचारलं. मॅनेजर म्हणाला, आहे तेवढं पुरे.

तो कागद घेऊन मी खाली धावतच गेले. टेबलापाशी उभी राहून मी पुन्हा साहेबाचा उद्धार सुरू केला. किती मूर्ख, किती निर्लज्ज, एक शब्द माफीचा नाही, आणि व्याख्या तरी कसली लिहिली होती. मावशी टकटक करत ऐकत होती. पाणी वाहत होतं. तिने हातातले दोन शिंपले क्रेटमध्ये टाकले.

"त्याला माहीत नव्हतं," ती म्हणाली. "तुला माहीत होतं."

मग तिने हातमोजे काढले, माझ्या हातातला कागद घेतला आणि एकेका शब्दावर बोट ठेवून वाचायला लागली. मी समोर उभी राहिले.