पल्याडचा काठ

मला एका जागी बसवत नाही, हे आधीच सांगून टाकतो. सात वर्षं झाली, कोकणातल्या एकाच किनाऱ्यावर कॅमेरा घेऊन जातोय. तीच वाळू, तेच खडक, तीच ओहोटी. काठ वर्षागणिक कुठे सरकला ते माझ्या फिल्मसाठी टिपायचं आणि परत गावी, वडशाला. घरी बॅग सोडायच्या आत पुढच्या खेपेचं तिकीट बघायचं. आई वैतागून म्हणायची, "पायाले भिंगरी लावूनच आला हा पोट्टा!"

हे वेड बाबांच्या पडद्यातून आलं. बाबा आमच्या भागातल्या, झाडीपट्टीच्या नाटकांचे पडदे रंगवायचे. राजवाडा, जंगल, गरिबाची झोपडी आणि एक समुद्र. त्या समुद्राच्या पलीकडे बाबांनी चक्क काठ काढला होता. काठावर सागाची झाडं आणि एक देऊळ. जन्मभर त्यांनी मोठं पाणी पाहिलं ते वैनगंगेचं, आणि वैनगंगेला पलीकडचा काठ आहेच की! गावोगावच्या माणसांनी रात्र रात्र तो समुद्र पाहिला. एकालाही खटकलं नाही.

खटकलं ते मला. पहिल्यांदा खरा समुद्र पाहिला आणि वाळूतूनच फोन लावला.

"बाबा, तुमचा समुद्र साफ चुकला! पल्याड काहीच नसते!"

वर खदाखदा हसलो. जिभेला काही हाड? बाबा एवढंच म्हणाले, "असंन." त्या हंगामापासून तो पडदा त्यांनी कोणत्याच नाटक मंडळीला दिला नाही. गुंडाळून माळ्यावर टाकला. "सोता पायतो एकदा, मंग दुरुस्त करतो. मले ने."

"नेतो ना," मी म्हणायचो. मग उजेड बरोबर नसायचा, शूटिंग अर्धं असायचं, थंडीत जाऊ म्हणायचो. तेवढ्यात काचबिंदूनं त्यांचे डोळे खाल्ले. गेलेली नजर परत येत नाही, डॉक्टर म्हणाले. काळ कसा सरकतो यावर फिल्म करणाऱ्या शहाण्याला घरातला काळ दिसला नाही. हाणा जोड्यानं!

शेवटी नेलं. बाबा चपला हातात धरून वाळूत उभे राहिले. लाट पायांवरून मागे फिरली तसं त्यांनी माझं मनगट गच्च पकडलं.

"बाप्पा! ओढून राह्यली ना हे!"

मग त्यांनी तोंड समोर वळवलं.

"मले नुसतं पांढरं दिसते. तू सांग. पल्याड काई हाय?"

समोर पाण्याशिवाय काही म्हणजे काहीच नव्हतं. कॅमेरा खांद्यालाच होता. तो काढावासा वाटला नाही.

"हाय ना बाबा," मी म्हटलं. "काठ हाय. झाडं बी हायेत."

"देऊळ?"

"थे बी हाय. बारकं दिसते."

मनगटावरची पकड सैल झाली.

"पायलं?" बाबा म्हणाले, "अन् तू हासला होता मले."