हिचं झालं म्हणून लिही

"मेंढरांतनं उठून थेट इथंच आलीस का गं? वास बघ केवढा येतोय."

आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरबाई हे मला म्हणाल्या. मी टेबलावर होते. साडी कमरेपर्यंत वर. पाय फाकलेले. पडदा म्हणून दोरीवर चादर टाकलेली, तीही अर्धीच ओढलेली. पलीकडं गावातल्या बायांची रांग. सिस्टर हसली, मग रांगही हसली.

माझ्या आधी दुकानदाराची बायको आत गेली होती. वयानं माझ्याएवढीच. तिला "या काकू, सावकाश चढा" म्हणाल्या होत्या. मी आंघोळ करून, धुतलेली साडी नेसून गेले होते. पण पंचवीस वर्षं मेंढरांत गेली, वास अंगात मुरतो. आणि आंघोळ केली नसती तरी काय झालं असतं? मी तिथं नवरीमुलगी म्हणून गेले नव्हते.

तपासणी व्हायच्या आधीच मी पाय खाली घेतले. साडी सारखी केली. काही बोलले नाही. आज मला सगळ्यात जास्त राग त्याचाच येतो.

डॉक्टरबाईंनी घड्याळ बघितलं. सिस्टरला म्हणाल्या, "हिचं झालं म्हणून लिही. पुढची घे."

"आणि ही हिच्या घरातली दोन कार्डं?"

"त्यांचंही लिही."

ती दोन कार्डं मीच दिली होती. ते आता सांगते. खोटं सगळं त्यांच्याच माथी मारून मला मोकळं व्हायचं नाही.

आटपाडीच्या पुढं माळावर आमचं घर. आम्ही तिघी जावा. थोरली आक्का, मधली आणि मी धाकटी. कामाची वाटणी ठरलेली. एकीनं मेंढरांमागं जायचं, एकीनं चूल बघायची. सरकारी काम आलं की मी, कारण सातवी शिकलेली मी एकटीच. रेशनला मी, बँकेत मी, तलाठ्याकडं मी. आशाताई सांगत आल्या, "तिशीच्या पुढच्या समद्यांनी या. गर्भाच्या पिशवीच्या तोंडाची तपासणी हाय, फुकट हाय." आक्कानं तिघींची आधार कार्डं माझ्या हातात दिली. "तू जा. तुझं झालं म्हंजी आमचं बी झालं."

मलाही त्यात काही चुकीचं वाटलं नाही. घरातल्या एकीनं केलं की घराचं झालं, आमच्यात असंच चालतं. पिशवी रेशनसारखी घराची एक नसते, हे माझ्या सातवीच्या डोक्यात आलं नाही.

तीन कागद मिळाले. तिन्हींवर एकच शब्द, नॉर्मल. माझं काय झालं ते मी घरी सांगितलं नाही. लाज वाटली. आक्कानं कागद नीट घडी घालून ट्रंकेत ठेवले.

दिवाळी झाली. मेंढरं घेऊन आम्ही नेहमीसारखे पश्चिमेकडं उतरलो. तळावर एकदा आक्का चिंध्या धुताना दिसली. पाळी जाऊन तिला चार वर्षं झाली होती.

"आक्का, ह्ये काय?"

"उष्णता झालीया. कुणाला सांगू नगंस."

मग सांधे दुखायला लागल्यासारखी ती वाकून चालायला लागली. परत आल्यावर मी तिला तालुक्याच्या दवाखान्यात नेलं. हुशारी करून कागदही नेला. तिथला तरुण डॉक्टर कागद बघून म्हणाला, "तपासणी नॉर्मल आहे की. मग घाबरायचं कारण नाही." गोळ्या दिल्या. मी तेव्हाही गप्प. कागद खोटा आहे म्हणायचं तर टेबलावरून का उठले, ते सांगावं लागलं असतं. गोळ्यांवर आणखी पाच महिने गेले. ते पाच महिने माझे आहेत. ते मी कुणाच्या नावावर टाकू शकत नाही.

मिरजेच्या मोठ्या दवाखान्यातल्या डॉक्टरांनी तोच कागद वाचला आणि बराच वेळ खाली ठेवला नाही. मी म्हटलं, "सायेब, तपासणी झालीच न्हाई. कार्डं दिली फकस्त." पहिल्यांदा तोंडातून निघालं. ते ओरडले नाहीत. म्हणाले, हा रोग हळू चालतो, कॅन्सर व्हायला वर्षं लागतात, आणि आधी पकडला तर पकडता येतो. औषधाचं पाणी लावून मिनिटभर बघायचं. पांढरा डाग दिसला तर तिथंच इलाज करायचा. आक्काचा मात्र पसरला होता. "बाकीच्या दोघींची आजच करून घ्या," म्हणाले.

मधलीही सोबत आली होती, आम्ही दोघी टेबलावर चढलो. माझं साफ निघालं. मधलीला डाग निघाला. त्यांनी तो तिथल्या तिथं जाळून टाकला. मधली तिसऱ्या दिवशी मेंढरांमागं होती. एकाच चुलीवर जेवणाऱ्या दोघी. एकीचं काही मिनिटांत निभावलं आणि दुसरीला वीज, म्हणजे रेडिएशन, देऊन देऊन तिची कातडी काळी पडली. आक्का श्रावणात गेली.

ग्रामपंचायतीत नोंद करायला थोरले दीर आणि मी गेलो. ग्रामसेवकानं मरणाचं कारण लिहिलं, वृद्धापकाळ.

"भावसायेब, ती बावन्न वर्षांची हुती."

"वहिनी, बायकांचं तसलं दुखणं कशाला लिहायचं? घराची अब्रू असते."

दीर म्हणाले, "जाऊ दे की गं. आता काय परत येणार हाय का ती?"

मी दमले होते. वर्षभर मिरजेच्या एसट्या, सलाईन, डबे. खरंच जाऊ द्यावं वाटलं. पण जिवंत होती तेव्हा तिला निरोगी म्हणून मोजलं, आणि आता म्हातारी म्हणून मोजणार. मग आक्का मेली कशानं, हे कुठंच नसणार. मी मिरजेचा कागद पुढं सरकवला. "कॅन्सर लिवा. पिशवीच्या तोंडाचा. लिवल्याबिगर मी उठत न्हाई." दीर बाहेर जाऊन उभे राहिले. दुपारपर्यंत लिहिलं.

दुसऱ्या दिवशी आरोग्य केंद्रात गेले. डॉक्टरबाई त्याच. त्यांना मी आठवत नव्हते.

"आमच्या तिघींची नावं खोडा. तुमी आमाला तपासलं न्हाई."

"मग तेव्हाच का नाही बोललीस?"

"तवा लाजले. आता न्हाई. आणि मला अगंतुगं करू नका."

त्या खालच्या आवाजात म्हणाल्या, "आकडा वर गेलाय. आता खोडता येत नाही."

"मग खोटा गेला म्हणून वर कळवा. न्हाईतर मी कळवते."

अर्ज दिला. पोच घेतली. अजून काही आलेलं नाही, आणि येईल असं मला वाटतही नाही. बरंही वाटलं नाही. आक्काचं अंथरुण घरात तसंच आहे.

माळावर तिशीच्या पुढच्या अकरा बाया आहेत. शिबिर मेंढरं माघारी आल्यावर ठेवा, असं लिहून दिलंय. नाही ठेवलं तर एकेकीला एसटीत बसवून मी मिरजेला नेणार. हसणारी असेल तिला हसू दे. अकरा जणींची कार्डं आता माझ्याकडं आहेत. आणि जिची तपासणी माझ्या डोळ्यांदेखत होणार नाही, तिचं कार्ड मी कुणाच्याही हातात देणार नाही.