भोंगा

मसालेभातासाठी तेलात लवंगा पडल्या की मला वैशाली नगरमधला तो दातांचा दवाखाना आठवतो. तेव्हा मी एका रॉक बँडमध्ये सॅक्सोफोन वाजवायचो. आमेरहून तालीम करून परतताना स्कूटर घसरली आणि वरचे समोरचे दोन्ही दात पार खिळखिळे झाले. दवाखान्यात लवंगेच्या तेलाचा उग्र वास भरला होता, तोंडात कापूस कोंबलेला, मला बोलता येत नव्हतं. शेजारी बाबा बसले होते, बँकेतून तसेच धावत आलेले. माझ्या सॅक्सोफोनला ते भोंगा म्हणायचे, आणि कोणी विचारलंच तर मुलगा कॉम्प्युटरचं काहीतरी करतो, असं सांगून मोकळे व्हायचे. डॉक्टर म्हणाले, "दोनों निकालने पड़ेंगे, अंकलजी. नकली लगा देंगे, पता भी नहीं चलेगा." तसे बाबा उठून उभे राहिले. "डॉक्टरसाब, मेरा बेटा सॅक्सोफोन बजाता है. ऊपर के दाँत उसपे टिकाने पड़ते हैं. नकली से नहीं होगा. कुछ तो कीजिए." हे त्यांनी कधी पाहिलं होतं? मी वाजवायला घेतलं की ते चपला अडकवून बाहेर पडायचे. दात गेलेच. नव्या दातांनी सूर धरता येईना, बँडने दुसरा वाजवणारा शोधला. वाद्याच्या तोंडावर माझ्या जुन्या दातांच्या दोन खुणा अजून आहेत. त्या दिवसानंतर बाबा त्याला कधी भोंगा म्हणाले नाहीत. सॅक्सोफोनच म्हणायचे, आणि तेही हळू आवाजात, घरातल्या गेलेल्या माणसाचं नाव घ्यावं तसं.